हँडल फिरवणारे तेलंग

 'राजा हरिश्चंद्र' या चित्रपटाची जुळवाजुळव सुरू झाली ती एका रुजलेल्या वाटाण्यापासून. १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणल्यावर दादासाहेब फाळक्यांनी कुंडीत वाटाणा लावला आणि महिनाभराहून अधिक काळ रोज त्याची एकेक चौकट टिपली. पडद्यावर कोंब बघता बघता वर आला. ती छोटीशी फिल्म पाहून काही परिचितांनी फाळक्यांना कर्ज देऊ केलं आणि 'राजा हरिश्चंद्र'चं काम मार्गी लागलं.

त्या चित्रपटाचे छायालेखक त्र्यंबक बी. तेलंग. फाळक्यांइतकं त्यांचं नाव कुणाच्या तोंडी नसतं, याची मला मनापासून खंत वाटते. कॅमेरा चालवायला त्यांना फाळक्यांनीच शिकवलं. तेव्हाच्या कॅमेऱ्याला मोटर नव्हती, हँडल होतं. एका फेऱ्यात साधारण ८ चौकटी, सेकंदाला २ फेरे. हात मंदावला की पडद्यावरची माणसं धावत सुटायची, हात घाईला आला की ती रेंगाळायची. समोर नट कितीही रडो, तेलंगांचा हात ढळून चालणार नव्हता. 'राजा हरिश्चंद्र' सुमारे ३,७०० फुटांचा. फुटाला १६ चौकटी धरल्या तर ५९ हजारांवर चौकटी आणि हँडलचे सात हजारांहून जास्त फेरे होतात. वाया गेलेली फिल्म यात धरलेलीच नाही!

चित्रीकरण सूर्यप्रकाशात चालायचं. कोऱ्या फिल्मला कडेची भोकं पाडण्यापासून ती धुण्यापर्यंतच्या कामांत सरस्वतीबाई फाळके राबत. तेलंगांच्या कामगिरीत त्यांचाही वाटा मानायलाच हवा.

'राजा हरिश्चंद्र'च्या आदल्या वर्षी, १९१२ मध्ये, दादासाहेब तोरण्यांचं 'पुंडलिक' आलं होतं, पण त्याचा कॅमेरा जॉन्सन नावाच्या परदेशी माणसाच्या हाती होता. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला, तेव्हा पडद्यावरचं चित्र एका मराठी माणसाने टिपलेलं होतं. पुढे १९१७ च्या 'लंकादहन'चं छायालेखनही तेलंगांचंच. त्यात अण्णा साळुंके राम झाले आणि सीताही. एकाच नटाची दोन सोंगं प्रेक्षकांनी खरी मानली, आणि त्यात साळुंक्यांच्या अभिनयाइतकीच तेलंगांच्या हाताची करामत होती.