क्षणभर पडद्यावर (१४) : गाडग्यातलं बियाणं

अकोले तालुक्यातल्या एका वाचकाने विचारलं, की आपल्याच तालुक्यातल्या कोंभाळण्याच्या, गावरान बियाणं राखणाऱ्या राहीबाई पोपेरे ‘कान’ चित्रपट महोत्सवात झळकल्या, त्यांना अल्पपरिचितांच्या या मालेत जागा का नाही? आधी ‘कान’चं नीट करून घेऊ. अच्युतानंद द्विवेदींच्या ‘सीड मदर’ या तीन मिनिटांच्या फिल्मला २०१९ मध्ये तिसरं बक्षीस मिळालं ते नेस्प्रेसो या कॉफीवाल्यांच्या स्पर्धेत. मोबाइल उभा धरल्यावर दिसते तशा उभ्या चौकटीतल्या फिल्मांची ही स्पर्धा; निकाल कानमध्ये लागला, पण महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेशी तिचा संबंध नव्हता.

यावर कोणी म्हणेल, पद्मश्री मिळालेली बाई अल्पपरिचित कशी? आणि फिल्ममुळेच तर नाव झालं! दुसरा मुद्दा तारखांपुढे टिकत नाही. बीबीसीच्या शंभर महिलांच्या यादीत त्या २०१८ मध्येच होत्या, फिल्मचं बक्षीस नंतरचं, पद्मश्री जाहीर झाली २०२० मध्ये. पहिला मुद्दा अर्धा खरा. नाव सर्वांना ठाऊक आहे. काम ठाऊक आहे असं मला वाटत नाही, आणि त्याला ‘बीजमाता’ हा लाडका शब्दही थोडा जबाबदार आहे. माता म्हटलं की सगळं मायेवर जातं. बियाणं राखणं हे मायेपेक्षा पारखीचं काम. वालाच्या वेलावरच्या कोणत्या शेंगा भाजीला तोडायच्या आणि कोणत्या खुळखुळेपर्यंत वेलावरच वाळू द्यायच्या, हे भर हंगामात, घरात कालवणाला दुसरं काही नसताना ठरवावं लागतं. वाळल्या दाण्याला भुंगा लागतो, म्हणून तो राखेत घोळवून गाडग्यात भरायचा आणि तोंड शेणाने लिंपायचं. राख दाण्यांमधल्या फटी बुजवते, भुंग्याला हिंडायला जागा उरत नाही. राख जमली की नाही, हे मात्र पुढच्या मृगाला गाडगं फोडल्यावरच कळतं. कॅमेऱ्याला ओंजळीतले रंगीत दाणे दिसतात. वर्षभराची ही वाट तीन मिनिटांत कशी मावणार? दिग्दर्शकाला यात दोष नाही, माध्यमाचीच ती मर्यादा.

शाळेची पायरी न चढलेल्या बाईने एकटीने बियाणे बँक उभारली, असंही सांगतात. तेही पुरतं खरं नाही. ही बँक उभी राहिली ती ‘बाएफ’ या संस्थेच्या मदतीने. पण वाण मुळात कोणी तरी पेरत राहिलं होतं, म्हणून तर बँकेत ठेवायला काही मिळालं. हायब्रीडचं बियाणं दरसाल दुकानातून आणावं लागतं. गावरान वाण घरचं घरी पुन्हा पेरता येतं, पण बरीच वर्षं कोणी पेरलंच नाही, तर गाडग्यातला दाणा जून होतो आणि उगवेनासा होतो.