नगरला परतायची घाई नको!

सकाळी नगरहून पुणं, पित्तनलिकेतला खडा काढायचा आणि रात्री सुपा-शिरूरमार्गे घरी? (कागदोपत्री अहिल्यानगर, पण आपण नगरच म्हणणार!) सव्वाशेएक किलोमीटरचा हा प्लॅन जरा थांबवा.

ईआरसीपी म्हणजे तोंडातून दुर्बीण घालून करायची प्रोसिजर. टाके नाहीत, म्हणून सोपी वाटते. पण पित्तनलिका आणि स्वादुपिंडाची नळी एकाच तोंडाशी उघडतात. तिथं खटपट जास्त झाली की स्वादुपिंड सुजतं. साधारण शंभरात तीन ते दहा जणांना हे होतं.

'मी तरुण, फिट, मला काय होणार?' इथंच गंमत आहे. तरुण वय आणि स्त्री असणं, दोन्ही धोका वाढवतात. आधी स्वादुपिंडाला सूज येऊन गेली असेल तर आणखीच.

म्हणून आधी विचारा: निदानच हवंय तर एमआरसीपी स्कॅनवर भागेल का? आणि इंडोमेथासिन देणार का? गुदद्वारातून द्यायचं हे स्वस्त औषध. २०१२च्या अमेरिकन अभ्यासात जास्त धोक्याच्या पेशंटमध्ये सुजेचं प्रमाण १६.९ वरून ९.२ टक्क्यांवर आलं. किडनीचा त्रास किंवा ॲलर्जी असेल तर तेही सांगा. गरजेनुसार डॉक्टर जास्त सलाईन देतात, स्वादुपिंडाच्या नळीत छोटा स्टेंटही ठेवतात.

नंतर वरच्या पोटात, पाठीपर्यंत जाणारी कळ आली तर ॲसिडिटीची गोळी शोधू नका. थेट हॉस्पिटल!