ढोलीला भिंत, भिंतीला फट

सह्याद्रीच्या दाट रानात डोक्यावरून वाफेचे इंजिन धापा टाकीत गेल्यासारखा आवाज आला, तर दचकू नका. तो महाधनेश पक्षी असेल. त्याच्या पंखांच्या खालच्या बाजूस उड्डाणपिसांची बुडे लहान पिसांनी नीट झाकलेली नसतात. त्या फटींतून हवा वेगाने निसटते आणि आवाज होतो.

पण खरे नवल त्याच्या घरट्यात आहे. विणीच्या हंगामात मादी उंच, जुन्या वृक्षाच्या ढोलीत शिरते आणि विष्ठा, फळांचा चोथा यांनी ढोलीचे तोंड लिंपून घेते. चोच जाईल एवढी अरुंद, उभी फट तेवढी उरते. अंडी एक किंवा दोन. ती सुमारे ४० दिवस उबवावी लागतात. नर वड-उंबरांसारखी फळे गळ्यात साठवून आणतो आणि एकेक फळ फटीतून भरवतो.

आता विचार करा, शिकाऱ्याने नर मारला तर किती जीव जातील? भिंतीआडची मादी आणि पिल्लूही उपासमारीने मरू शकते. शिवाय धनेशाला ढोली कोरता येत नाही. ती वृक्षाच्या वार्धक्यातच मिळते. २०१८ साली ही जात जागतिक यादीत ‘असुरक्षित’ ठरली.

फळांच्या बिया दूरवर टाकून हाच पक्षी उद्याचे वृक्ष पेरतो. म्हणून पोकळ झाडाला कुणी निकामी म्हटले, तर त्याला ढोलीकडे बोट दाखवा.