सुरूच आहे

"भाऊ, अजून सुरू नाई केलं का?"

टपरीवाल्या काकांनी तिसऱ्यांदा विचारलं. कॅमेरा तासाभरापासून चालू होता.

"सुरूच आहे, काका."

"मंग काई विचारा नं!"

पहिल्या दिवशी विचारलं होतं : समृद्धीनं काय झालं? "धंदा बसला," ते म्हणाले. खरंच होतं ते, पण पेपरात छापून आल्यासारखं. म्हणून विचारणं सोडलं.

किन्हीराजा हे वाशीम जिल्ह्यातल्या मालेगाव तालुक्यातलं, जुन्या नागपूर-औरंगाबाद रस्त्यावरचं गाव. ११ डिसेंबर २०२२ला समृद्धी महामार्गाचा नागपूर ते शिर्डी हा ५२० किलोमीटरचा टप्पा खुला झाला. तो याच तालुक्यातून जातो. टपरीसमोर थांबणाऱ्या लांब पल्ल्याच्या गाड्या तिकडे वळल्या. आलेली गाडी टिपता येते, न आलेली कशी टिपायची?

पहिले तीन दिवस काका इस्त्रीच्या शर्टात होते, चौथ्या दिवशी बनियनवर आले. आधीचं चित्रण बहुतेक बाद होतं, पण ते केल्याशिवाय चौथा दिवस उजाडत नाही. माझ्याकडे ५० मिलिमीटरची एकच लेन्स. जवळून पाहायचं तर आपणच उठून जवळ जायचं. "कप परत एकदा ठेवा" असं म्हणायचं नाही. रोज दोन मिनिटं नुसता जागेचा आवाज घ्यायचा. बदल आधी तिथंच सापडला. दोन गाड्यांच्या मध्ये पलीकडच्या सोयाबीनमधले रातकिडे हेडफोनमध्ये स्पष्ट ऐकू येत होते.

माहितीपट करायच्या दोन वाटा मला समोर दिसतात. मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई नगरात ११ जुलै १९९७ला पोलीस गोळीबारात दहा जण गेले. त्यानंतर चौदा वर्षं चित्रण करून आनंद पटवर्धनांनी 'जय भीम कॉम्रेड' पुरा केला. ते कॅमेऱ्यामागून थेट प्रश्न विचारतात. सर्वनिक कौर यांचा 'अगेन्स्ट द टाइड' मुंबईच्या दोन कोळी मित्रांच्या घरात आणि होडीत नुसता सोबत राहतो. समुद्र बदलल्याचं आपल्याला त्यांच्या वादातून कळतं. माझी वाट ही दुसरी. पण नुसतं पाहणंही निःपक्ष नसतं. कॅमेऱ्याची तिपाई टपरीच्या आत मांडली तेव्हाच मी बाजू घेतली होती. समृद्धीवरून दोन तास आधी घरी पोचणारा माणूस माझ्या चौकटीत कधी आलाच नाही.

दहाव्या रात्री लांबून एका गाडीचा वेग कमी झाल्यासारखा आवाज आला. काका पेपर वाचत होते. मान वर न करता त्यांनी हात लांबवून गॅस मोठा केला. गाडी खड्डा चुकवून निघून गेली. त्यांनी गॅस बारीक केला आणि पान उलटलं.

सगळं मिळून वीसेक सेकंदांचं. विचारलं असतं तर काकांना हे सांगता आलं नसतं. हात असं करतो हे त्यांनाच ठाऊक नव्हतं.

सकाळी त्यांना ते दाखवलं. त्यांनी दोनदा पाहिलं, मग छोट्या पडद्यावरच्या त्या निळ्या ज्योतीवर बोट ठेवलं.

"गॅस वाया गेला नं, भाऊ."