घराआधी कोठार

नॉर्वेतल्या ओंडक्यांच्या शेतघरांविषयीच्या लिखाणात राहतं घर नायक असतं आणि भोवतालच्या इमारती दुय्यम पात्रं. हा क्रम उलटा आहे, असं पुरावा सांगतो. तिथं शेतकऱ्याचं घर एका छपराखाली नसायचंच. ‘तून’ म्हणजे अंगणाभोवतीचा इमारतींचा मेळा: राहण्याची खोली, भाजण्या-शिजवण्याचं चूलघर, गोठा, तबेला, खळं, लोहारशाळा, दुमजली ‘लोफ्ट’ आणि खांबांवर उचललेलं धान्याचं कोठार ‘स्टाब्बुर’. मध्ययुगातल्या, म्हणजे 1537 च्या धर्मसुधारणेपूर्वीच्या, ज्या अडीचशेच्या आसपास ओंडक्यांच्या इमारती तिथं उरल्या आहेत, त्यांत कोठारं आणि लोफ्टच जास्त आहेत.

यावर आक्षेप येणारच: जे उरलं ते महत्त्वाचं होतं असं कशावरून? कोठारात चूल नसे, म्हणून ते जळलं नाही. राहत्या खोलीत मात्र मधोमध उघडी चूल असे, धूर छपरातल्या भोकातून जाई. पुढं धुराडं आलं, खिडक्या आल्या आणि जुनी खोली पाडली गेली. आक्षेप खरा आहे, पण अर्धाच. ओस्लोच्या लोकसंग्रहालयातलं राउलँडचं तेराव्या शतकातलं राहतं घर सांगतं, की धुरातली खोलीही सातशे वर्षं टिकू शकते. शिवाय टिकण्याचा योगायोग कोरीवकामाला लागू पडत नाही. लोफ्टच्या दारांवरची नक्षी आणि जाड कोरीव खांब मूळ बांधणीतच घडवलेले आहेत. धान्य, सुकवलेलं मांस, ठेवणीतले कपडे आणि पाहुण्यांचे बिछाने जिथं, तिथंच मालकानं पैसा ओतला. कुटुंब मात्र धुरात.

इमारती सुट्या का, याचं एक उत्तर आगीची भीती. पण दुसरंही उत्तर आहे आणि ते लाकडाच्या स्वभावात दडलेलं आहे. पाइनच्या ओंडक्याच्या लांबीवर खोलीचा आकार ठरतो. वरच्या ओंडक्याच्या पोटाला खालच्याच्या पाठीनुसार लांब खाच घ्यायची, मधे शेवाळ भरायचं, कोपऱ्यात खोबणी अडकवायच्या. लाकूड वाळलं की भिंत चांगलीच खचते, म्हणून दाराच्या चौकटीवर मोकळी जागा सोडावी लागते. अशा भिंतीला नवी खोली जोडणं कटकटीचं. त्यापेक्षा शेजारी नवी इमारत उभी करणं सोपं. उलट हीच इमारत ओंडक्यांवर खुणा करून उतरवता येते आणि दुसरीकडे उभी करता येते. स्टाब्बुरची करामत तर पाहण्यासारखी: खांबांची डोकी रुंद, आणि जिना दारापासून हातभर दूर, म्हणजे माणूस ओलांडेल, उंदीर नाही. छपरावर बर्चच्या सालीचे थर पाणी अडवतात. त्यांवरची गवताळ माती केवळ वजनासाठी नाही, उबेसाठीही.

आता लिलेहामरचं माइहाउगेन संग्रहालय घ्या. आंदेर्स सांदविग या दंतवैद्यानं गोळा केलेल्या इमारतींचा हा संग्रह 1904 मध्ये तिथं खुला झाला. सांदविगनं वाचवलं नसतं, तर कित्येक वास्तू सरपणात गेल्या असत्या. ही गोष्ट मान्यच. तरी अशा संग्रहालयांतली अनेक ‘तून’ वेगवेगळ्या शेतांवरच्या इमारतींतून जुळवलेली असतात, तेव्हा त्यांच्यातलं अंतर शेतकऱ्याचं नव्हे, संग्राहकाचं असतं. आगीच्या भीतीनं कोण किती दूर उभं राहिलं, हे अशा ठिकाणी मोजू नये. त्यासाठी सेतेसदालमधल्या वालेजवळच्या रिग्नेस्टाडला जावं. 1590 च्या सुमाराचा तिमजली लोफ्ट तिथं मूळ जागीच उभा आहे.