तुकोबांची अवली, प्रभातची गौरी

देहूहून निघालेली तुकोबांची पालखी उंडवडी गवळ्याची मागे टाकून बारामतीत मुक्कामाला येते. पुढे सणसर, बेलवाडीचे गोल रिंगण, निमगाव केतकी, इंदापूर आणि सराटीला पादुकांचे नीरास्नान. या वाटेवरच्या जुन्या पिढीला विचारा, तुकोबा दिसायचे कसे? डोळ्यांपुढे ‘संत तुकाराम’ चित्रपटातले विष्णुपंत पागनीसच उभे राहतात. त्यांच्याशी कडाकडा भांडणारी तुकोबांची बायको अवलीही सगळ्यांना आठवते. ती साकारणाऱ्या नटीचे नाव विचारले, तर उत्तर क्वचितच मिळते. तिचे नाव गौरी.

प्रभात फिल्म कंपनी 1929 साली कोल्हापुरात सुरू झाली आणि 1933 मध्ये पुण्यात आली. गौरी तिथे नटी म्हणून आलीच नव्हती. पोटापाण्यासाठी स्टुडिओतल्या हलक्या, अंगमेहनतीच्या कामावर लागलेली ही बाई आधी गर्दीच्या दृश्यांत उभी राहिली. पुढे दिग्दर्शक दामले-फत्तेलाल यांनी ‘संत तुकाराम’मधली जिजाई, म्हणजे अवली, तिच्या हाती सोपवली.

या निवडीतले धाडस लक्षात घ्यायला हवे. समोर पागनीस होते, संगीत रंगभूमीवर स्त्रीभूमिका गाजवलेले मुरलेले गायक नट. पटकथा शिवराम वाशीकरांची, संगीत केशवराव भोळ्यांचे. शांताराम आठवल्यांनी अभंगाच्या वळणाने लिहिलेले गीत तर खुद्द तुकोबांचेच म्हणून अनेकांनी मानले. अशा जाणकारांच्या मेळ्यात गौरीजवळ स्वतःचे भांडवल एकच होते: राबणाऱ्या बाईचे अंग कसे वावरते, याची पक्की जाण.

पडद्यावर ते पदोपदी दिसते. म्हैस धुणारे तिचे हात नाटकी वाटत नाहीत. पोरांवर खेकसताना आवाज जितका चढतो, तितकीच नजर त्यांच्या पोटाकडे असते. नवरा विठ्ठलनामात दंग, घरात दाणा नाही, त्यात पोरगा आजारी. तेव्हा ती एका हाताने पोराला ओढत, दुसऱ्या हातात वहाण घेऊन थेट देवळात शिरते, देवाला जाब विचारायला. भाविक प्रेक्षकांना हे पाप वाटले नाही. तिचा संताप त्यांना आपल्या घरातला वाटला.

हीच अवली रानात बसलेल्या नवऱ्यासाठी भाकरी घेऊन जाते. तोंडाने बोल लावत राहते, पण त्याने घास पुढे करताच विरघळते. गौरीने अवलीला कजाग बायकोच्या ठरावीक साच्यातून सोडवले ते इथे. शेवटी तुकोबा वैकुंठाला निघतात, तर हिचा जीव स्वयंपाकात अडकलेला. चित्रपटात चमत्कार पुष्कळ आहेत. त्यांवर विश्वास बसतो, कारण अवली त्या घरातली चूल आणि भूक एक क्षणही विसरू देत नाही.

12 डिसेंबर 1936 रोजी मुंबईच्या सेंट्रल सिनेमात ‘संत तुकाराम’ लागला आणि तब्बल 57 आठवडे चालला. 1937 मध्ये व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्याचा गौरव झाला. भारतीय चित्रपटाला परदेशात मिळालेल्या अगदी पहिल्या मानांपैकी हा एक. कीर्तीचा मोठा वाटा साहजिकच पागनीसांकडे गेला. ते पुढे तुकोबा म्हणूनच ओळखले गेले.

गौरी एका भूमिकेवर थांबली नाही. 1941 च्या ‘संत सखू’मध्ये हंसा वाडकर सखू झाल्या आणि गौरी तिला छळणारी सासू. अवलीच्या रागाखाली माया होती. सासूच्या रागात गौरीने मायेचा मागमूसही ठेवला नाही. ज्या बाईने अभिनयाचे धडे कुठेही घेतले नव्हते, तिने पाच वर्षांच्या अंतराने रागाच्या अशा दोन जाती वेगळ्या करून दाखवल्या.

प्रभातच्या त्याच आवारात 1960 पासून फिल्म इन्स्टिट्यूट आहे. अभिनयाच्या विद्यार्थ्यांना तिथे हे दोन चित्रपट एकापाठोपाठ दाखवावेत, आणि त्या तासाला गौरीचे नाव द्यावे.