एक रंग, साठ चित्रे

जेकब लॉरेन्स (१९१७–२०००) यांच्या ‘स्थलांतर’ या मालिकेत ६० चित्रे आहेत आणि ती एकामागून एक नव्हे, तर सगळी मिळून एकदमच रंगवलेली आहेत. प्रत्येक चित्र १२ बाय १८ इंचांचे, दोन हातांत सहज धरता येईल एवढे. विषय मात्र अफाट आहे: पहिल्या महायुद्धाच्या काळापासून अमेरिकेच्या दक्षिणेतली शेती सोडून उत्तरेच्या शहरांकडे निघालेले लाखो कृष्णवर्णीय. कापसावर पडलेली कीड, पूर आणि जमावाने केलेल्या हत्या त्यांना मागून रेटत होत्या; युद्धामुळे मजूर कमी पडलेले उत्तरेचे कारखाने पुढून बोलावत होते.

ही लॉरेन्स यांच्या घरचीच कथा होती. वडील साउथ कॅरोलायनाचे, आई व्हर्जिनियाची. दोघेही याच लोंढ्यातून उत्तरेला आलेले. तेराव्या वर्षी लॉरेन्स न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीत आईकडे आले आणि शाळा सुटल्यावर मुलांच्या कलावर्गात चार्ल्स ऑल्स्टन यांच्याकडे शिकू लागले. रंगांचे पहिले धडे आपण आईच्या घरातल्या रंगीबेरंगी सतरंज्यांवरून घेतले, असे ते पुढे सांगत. ते पटते, कारण त्यांच्या चित्रांतले सपाट, ठाशीव आकार कापडावरच्या नक्षीसारखेच एकमेकांना भिडतात.

१९४० मध्ये रोझेनवाल्ड शिष्यवृत्ती मिळाल्यावर काम सुरू झाले, ते रंगांनी नव्हे तर वाचनाने. १३५व्या रस्त्यावरच्या ग्रंथालयात त्यांनी कित्येक महिने पुस्तके आणि कागदपत्रे चाळली. आधी प्रत्येक चित्राखालची ओळ लिहिली, मग कच्ची रेखाटने झाली. हार्डबोर्डच्या फळ्यांना गेसोचा पांढरा लेप देण्यात आणि ओळींची भाषा नीट करण्यात चित्रकार ग्वेंडोलिन नाइट यांचा हात होता. १९४१ मध्ये दोघांनी लग्न केले.

खरी करामत पुढची. साठही फळ्यांवर पेन्सिलीने आकृत्या काढून झाल्यावर लॉरेन्स एक रंग हातात घेत आणि तो जिथे जिथे लागणार त्या सगळ्या चित्रांत भरत. आधी गडद रंग, मग क्रमाने फिकट. रंग केसीनचे, म्हणजे दुधातल्या प्रथिनात बांधलेले: झटपट सुकणारे आणि चकाकी नसलेले. एकेक चित्र पुरे करत गेले असते, तर महिनोन्‌महिन्यांत छटा बदलत गेल्या असत्या. या पद्धतीमुळे पहिल्या चित्रातला रंग शेवटच्या चित्रातही जसाच्या तसा भेटतो आणि साठ तुकड्यांचे एकच चित्र होते.

पहिल्या चित्रात शिकागो, न्यूयॉर्क आणि सेंट लुई अशी नावे लिहिलेल्या तीन दारांकडे गर्दी लोटली आहे. माणसांना चेहरे जवळजवळ नाहीतच. दिसतात त्या टोप्या, कोट, बोचकी आणि पुढे झुकलेली अंगे. पंधराव्या चित्रात हत्या आहे, पण प्रेत नाही. उघड्या फांदीवरून लोंबणारा रिकामा फास आणि खाली अंग आखडून बसलेली एक व्यक्ती, एवढेच. हे न दाखवणे मालिकेतले सर्वांत धाडसी काम आहे. एकोणपन्नासाव्यात उत्तरेतल्या खाणावळीत गोऱ्या आणि काळ्या गिऱ्हाइकांच्या मधोमध पिवळा दोर वळणे घेत गेला आहे: भेदभाव गाडीत बसून बरोबरच आला होता. अठ्ठावन्नाव्यात तीन मुली फळ्यावर आकडे लिहीत आहेत, हात उंचावलेले.

‘फॉर्च्यून’ मासिकाने नोव्हेंबर १९४१ मध्ये यातली २६ चित्रे छापली, तेव्हा लॉरेन्स अवघे चोवीस वर्षांचे होते. लवकरच दोन संग्रहालयांनी मालिका वाटून घेतली. सम क्रमांकांची चित्रे न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टकडे गेली, विषम क्रमांकांची वॉशिंग्टनच्या फिलिप्स कलेक्शनकडे. एकेका रंगाने बांधलेली साठ चित्रे सलग पाहायची, तर आजही दोन्ही संग्रहालयांना ती मुद्दाम एकत्र आणावी लागतात.